दारू सोडायची, पण रात्री निजायचे कुठे?

ऊसबिल जमा झाले, द्राक्षांची पट्टी आली, हळदीचे पैसे हातात पडले, की घरोघर हिशेब मांडला जातो. सोसायटीचे किती भरायचे, खतवाल्याचे किती, मुलांच्या शाळेचे किती. काही घरांत मात्र हिशेबाला बसायला कर्ता माणूसच जागेवर नसतो. तो दोन दिवसांनी येतो, रिकाम्या खिशाने. पुढच्या हंगामात आठ दिवसांनी येतो. आणि एका वर्षी येतच नाही.

सातारा-सांगलीकडच्या कुठल्याही गावात चौकशी करा. "तो होय? तो दारूपायी गेला," असे ज्याच्याबद्दल सांगतात, असा एखादा तरी माणूस निघतोच. या 'गेला'चे दोन अर्थ असतात. काही खरोखरच गेलेले असतात, त्यांचे दिवसकार्य झालेले असते. काही मात्र जिवंत असतात. ते सांगलीच्या एसटी स्टँडवर, मिरजेच्या रेल्वे स्टेशनाबाहेर, कराडला नदीच्या घाटावर, साताऱ्यात एखाद्या बंद दुकानाच्या पायरीवर पोते पांघरून निजलेले असतात. घरात त्यांच्या फोटोला हार नसतो आणि त्यांचे पानही वाढलेले नसते.

अशा माणसाची दारू सुटू शकते का? आणि सुटली तर तो राहणार कुठे? हे दोन प्रश्न एकमेकांत गुंतलेले आहेत. शेतीखात्याच्या नोकरीत गावोगाव फिरताना पिकांवरचे रोग जेवढे पाहिले, तेवढीच घरांना लागलेली ही कीड पाहिली. म्हणून आज पिकाऐवजी माणसाविषयी लिहितो आहे.

घर एका दिवसात सुटत नाही

दारुड्याला घरातून हाकलले, असे आपण सहज म्हणतो. प्रत्यक्षात घर पायरीपायरीने सुटते. आधी पैसे घरी यायचे थांबतात. मग उसनवारी वाढते, दुकानदार वही बंद करतो, भावकीत बोलाचाली होते. मग एखादा तुकडा गहाण पडतो किंवा खरेदीखत होते. माणूस घराच्या ओट्यावर निजू लागतो, पुढे देवळात, पुढे वस्तीवरच्या छपरात. एक दिवस मारहाण होते, बायको मुलांना घेऊन माहेरी जाते, घराला कुलूप लागते. त्यानंतर तो कामाच्या नावाने तालुक्याला जातो आणि तालुक्याहून जिल्ह्याला.

शहरात त्याला काम मिळते. हॉटेलात कपबशा धुणे, ट्रकमधला माल उतरवणे, लग्नाच्या पंगतीत भांडी घासणे. ही कामे रोजची असतात, पैसे संध्याकाळी रोख मिळतात, आणि कधी कधी मजुरीचा काही भाग बाटलीतूनच मिळतो. गावात त्याला निदान कोणीतरी ओळखत होते. इथे त्याला 'ए' म्हणून हाक मारतात.

यात एक गोष्ट विचार करण्यासारखी आहे. आपल्या उसाची मळी कारखान्याच्या आसवनीत जाते, त्या मद्यार्काची देशी दारू होऊन बाटलीतून गावात परत येते, आणि उसाचे पैसे त्याच बाटलीमागे निघून जातात. पीक आपले, पाणी आपले, कष्ट आपले, आणि शेवटी घरही आपलेच मोडते.

गाडगेबाबांच्या घरी काय झाले

हे दुखणे आजचे नाही. गाडगेबाबांना सारा महाराष्ट्र ओळखतो. त्यांच्या नावाचे कॉलेज कराडला १९५४ पासून आहे. पण बाबांच्या लहानपणी त्यांच्या घराचे काय झाले, हे फार जणांना ठाऊक नसते.

बाबांचा जन्म २३ फेब्रुवारी १८७६ रोजी अमरावती जिल्ह्यातील शेणगावचा. नाव डेबूजी. वडील झिंगराजी. वडिलांना दारूचे व्यसन लागले, त्यात घरदार, शेती गेली आणि शेवटी झिंगराजीही गेले. आई सखूबाई लहानग्या डेबूला घेऊन आपल्या माहेरी दापुऱ्याला गेली. तिथे हा मुलगा मामाची गुरे राखत मोठा झाला. पुढे त्यांच्या घरी कार्य निघाले, तेव्हा जातीच्या रिवाजाप्रमाणे दारू-मटणाचे जेवण घालायचे त्यांनी नाकारले आणि गोडाचे जेवण घातले. कीर्तनातून त्यांनी जन्मभर दारूवर कोरडे ओढले. आणि पैसा जमला तो कशाला लावला? पंढरपूर, नाशिक, देहू, आळंदी येथे धर्मशाळा बांधायला.

दारूने ज्या पोराचे घर नेले, त्याने पुढे बिनघरांसाठी छपरे उभी केली. व्यसन आणि निवारा या दोन्ही गोष्टी त्यांच्या कामात शेजारी शेजारी होत्या. आपण मात्र त्यांतली पहिलीच लक्षात ठेवली. दारू पिऊ नका असा उपदेश सगळेच करतात. प्यायलेल्याला निजायला जागा कोण देतो?

चटक, खोड की आजार?

"मनावर घेतलं तर आज सुटंल," असे गावात म्हणतात. ज्याला अधूनमधून घेण्याची सवय आहे, त्याच्याबाबतीत ते खरेही असेल. पण वर्षानुवर्षे रोज पिणाऱ्याचे शरीर दारूवर चालायला शिकलेले असते. सकाळी हात थरथरतात, घोट घेतल्यावर थांबतात. मग तो मजेसाठी पीत नाही, उभे राहण्यासाठी पितो. यालाच दारूचे अवलंबित्व म्हणतात आणि वैद्यकशास्त्र त्याला आजार मानते. आपल्या देशाच्या २०१७ च्या मानसिक आरोग्य सेवा कायद्यातही दारू आणि अमली पदार्थांमुळे होणाऱ्या मनोविकारांचा समावेश आहे.

केंद्र सरकारने दिल्लीच्या एम्स संस्थेकडून देशभर पाहणी करून घेतली, तिचा अहवाल २०१९ मध्ये आला. देशात सुमारे १६ कोटी लोक दारू पितात आणि त्यांतल्या ५ कोटी ७० लाख लोकांना मदतीची गरज आहे, असे त्यात आढळले. दारूचे अवलंबित्व असलेल्या ३८ जणांमागे एकालाच कसलातरी उपचार मिळतो. दवाखान्यात दाखल होऊन उपचार मिळतो तो १८० जणांत एकाला. हे आकडे सगळ्यांचे मिळून आहेत. ज्याला घरच नाही, ज्याच्याबरोबर दवाखान्यात जायला कोणी नाही, त्याची पाळी कधी येणार याचा अंदाज तुम्हीच करा.

एकदम बंद करणे जिवावर बेतते

इथे प्रत्येक कुटुंबाने लक्षात ठेवावी अशी एक गोष्ट सांगतो. रोज भरपूर पिणाऱ्याची दारू घरात कोंडून एकाएकी बंद करणे धोक्याचे असते.

शेवटच्या घोटानंतर साधारण सहा ते चोवीस तासांत थरथर, घाम, मळमळ, जीव घाबरा होणे सुरू होते. पहिल्या दोन दिवसांत काहींना फिट येते. दुसऱ्या ते चौथ्या दिवसाच्या सुमारास काही जण भ्रमिष्ट होतात. भिंतीवर किडे दिसतात, मेलेली माणसे बोलावतात, ताप चढतो, नाडी जोरात पळते. गावात याला 'बाहेरचं' समजून अंगारा लावतात आणि तेवढ्यात माणूस हातचा जातो. ही देवाची बाधा नाही. डॉक्टरांच्या देखरेखीखाली औषधे दिली, पोटात अन्न-पाणी गेले, ब जीवनसत्त्वांपैकी थायामिन हे जीवनसत्त्व दिले, तर हे पाच-सात दिवस निभावतात.

दुसरी गोष्ट चोरून औषध देण्याची. चहातून, कालवणातून नकळत द्यायची 'दारू सोडवणारी पूड' बाजारात मिळते. तिच्यात काय असते ते वेष्टनावर खरे लिहिलेले असेलच असे नाही. डायसल्फिराम नावाचे एक खरे औषध आहे. ते घेतलेल्या माणसाने वर दारू घेतली, तर तोंड लाल होते, छाती धडधडते, उलट्या होतात, रक्तदाब उतरतो आणि प्रसंगी जीवही जातो. हे औषध डॉक्टरांनी तपासून, रोग्याला सांगून आणि त्याच्या संमतीनेच द्यायचे असते. जो माणूस चोरून औषध दिल्यावर रात्री रस्त्यावर पडणार आहे, त्याला कोण उचलून दवाखान्यात नेणार?

रस्त्यावरचा दिवस

आता खरा प्रश्न. समजा, रस्त्यावरचा माणूस दवाखान्यात गेला. पाच-सात दिवसांत अंगातली दारू उतरली, हात थांबले, भूक लागली. त्याला सोडून दिले. तो कुठे जाईल? जिथून आला त्याच पायरीवर.

रस्त्यावर राहणाऱ्याचा दिवस कसा जातो ते पाहा. पहाटे दुकानदार उठवतो. तोंड धुवायला जागा नाही. कामाला उभे राहायचे तर कपडे मळलेले. काम मिळाले तर संध्याकाळी हातात रोख पैसे. ते ठेवायला पेटी नाही, बँकेत टाकायला कागदपत्रे नाहीत, कारण पिशवी केव्हाच चोरीला गेलेली. खिशात ठेवलेले पैसे झोपेत जाणार हे त्याला अनुभवाने ठाऊक असते, म्हणून ते संध्याकाळीच संपवणे त्याला शहाणपणाचे वाटते. रात्री डास, पोलिसांचा दंडुका, कुत्री, थंडी. पोटात दारू असली की झोप लागते. अंगात ऊब आल्यासारखीही वाटते, पण ती ऊब खोटी असते. दारूने कातडीजवळच्या रक्तवाहिन्या रुंदावतात, त्यामुळे आतली उष्णता बाहेर जाते आणि थंडीत माणूस अधिकच गारठतो.

त्यात सोबत कोणाची? पिणाऱ्यांची. रस्त्यावर अडीअडचणीला तेच धावून येतात, आजारी पडल्यावर चहा तेच आणतात. त्यांचा पेला नाकारायचा म्हणजे होती तेवढी नातीही तोडायची. गोळ्या वेळेवर घ्यायच्या तर घड्याळ नाही आणि गोळ्या कोरड्या ठेवायला जागा नाही.

मिरचीचे रोप वाफ्यातून चांगले निरोगी काढले आणि लावायला वाकुराच तयार नसला, तर ते बांधावर उन्हात किती वेळ तग धरील? रोप वाईट म्हणून मेले, असे कोणी शेतकरी म्हणणार नाही. माणसाच्या बाबतीत मात्र आपण तसेच म्हणतो. "उपचार केला, पण पुन्हा प्यायला. त्याच्या नशिबातच न्हाई."

एका शेतकऱ्याची हकिकत

ठिबकच्या पाहणीसाठी पूर्वभागात एका वस्तीवर गेलो असताना एक शेतकरी भेटले. नाव-गाव सांगत नाही. तीन एकर रान, त्यात डाळिंब. बाग तेल्या रोगाने गेली, कर्ज अंगावर राहिले. दारू आधीपासून होतीच, ती वाढली. एक एकर विकले. मग घर सुटले. चार वर्षे मिरजेकडे काढली. हॉटेलात काम, मग मालधक्क्यावर, झोप दुकानांच्या पायऱ्यांवर.

त्या काळात त्यांची दारू तीनदा सुटली होती. एकदा काविळीने दवाखान्यात पडले तेव्हा, एकदा पाय मोडला तेव्हा, आणि एकदा स्वतःहून. तिन्ही वेळा ते त्याच पायऱ्यांवर परत आले आणि आठवड्याच्या आत पुन्हा प्यायले. एकदा तर एका दवाखान्याने चौथ्या दिवशीच हातात चिठ्ठी देऊन वाट दाखवली. ते मला म्हणाले, "दारू सोडणं तीन येळा जमलं हुतं, सायेब. पण सोडून जायाचं कुटं, त्येच ठावं न्हवतं."

चौथ्या वेळी दवाखान्यातल्या एका समाजसेविकेने त्यांना निवाऱ्यात पोहोचवले. तिथे रात्रीला अंथरूण मिळाले, सामान ठेवायला जागा मिळाली, आणि संध्याकाळी आला की नाही हे पाहणारे माणूस मिळाले. तिथून ते व्यसनमुक्ती केंद्रात गेले. पुढे भावाचा पत्ता लागला. भाऊ आला. पण वहिनीने, म्हणजे त्यांच्या पत्नीने, घरात घ्यायला साफ नकार दिला. तिचेही चुकले म्हणता येणार नाही. तिने मार खाल्ला होता, दागिने गमावले होते आणि चार वर्षे एकटीने दोन मुले सांभाळली होती.

शेवटी तोड निघाली ती अशी. त्यांनी मळ्यातल्या खोलीत राहायचे. जेवायला मात्र दिवेलागणीला घरी यायचे. रोज. पैशाचा व्यवहार पत्नीच्या हाती. असे सव्वा वर्ष चालले. त्या बाई मला म्हणाल्या, "नवरा आला म्हणून न्हाई, भाकरीला एक माणूस वाढला म्हणून मी ताट वाढत हुते. तोंडाकडं बघून वाढाया मला वरीस लागलं." आज ते घरात राहतात. दोन एकरांतल्या एकात पुन्हा बाग धरली आहे. दुसऱ्या एकरात ज्वारी आणि तूर आहे.

या हकिकतीत चमत्कार काही नाही. पहिल्या तीन वेळी जे नव्हते, ते चौथ्या वेळी होते. रात्रीला ठरलेली जागा आणि संध्याकाळी वाट पाहणारे माणूस.

मदत कुठे मिळते

आपल्या दोन्ही जिल्ह्यांचे नाते सांगणारे एक नाव म्हणजे डॉ. नरेंद्र दाभोलकर. जन्म साताऱ्याचा, शिक्षण सांगलीच्या विलिंग्डन कॉलेजात आणि मिरजेच्या मेडिकल कॉलेजात. अंधश्रद्धा निर्मूलनाच्या कामामुळे ते सर्वांना माहीत झाले. २० ऑगस्ट २०१३ रोजी पुण्यात त्यांचा खून झाला. त्यांनी साताऱ्यात 'परिवर्तन' हे व्यसनमुक्तीचे कामही उभे केले होते, हे मात्र कमी जणांना ठाऊक आहे.

पुण्यात येरवड्याला 'मुक्तांगण' आहे. डॉ. अनिता अवचट आणि लेखक अनिल अवचट यांनी पु. ल. देशपांडे यांच्या मदतीने २९ ऑगस्ट १९८६ रोजी ते सुरू केले. तिथे पाचेक आठवडे ठेवून उपचार करतात. औषधाबरोबर गटात बोलणे, व्यायाम, काम आणि घरच्यांशीही बोलणे असते. पूर्वी स्वतः व्यसनी असलेले आणि बरे झालेले कार्यकर्ते तिथे नव्याने आलेल्यांची काळजी घेतात. ज्याने तो चिखल तुडवला आहे, त्याचे बोलणे रोग्याला पटते.

याच विचारावर 'अल्कोहोलिक्स ॲनॉनिमस' ही चळवळ उभी आहे. १९३५ मध्ये अमेरिकेतल्या ॲक्रन गावी बिल विल्सन हा दारू सोडलेला गृहस्थ धंद्यानिमित्त आला होता. धंदा बुडाला, परका गाव, हॉटेलातला मुक्काम, समोर दारूचा अड्डा. प्यावेसे वाटले तेव्हा त्याने टेलिफोन करून दुसरा एखादा दारुडा भेटेल का, अशी चौकशी केली. डॉक्टर बॉब स्मिथ भेटले. दोघांनी एकमेकांना सावरले आणि चळवळ सुरू झाली. तिच्या सभा महाराष्ट्रातही अनेक ठिकाणी भरतात. फी नसते, पूर्ण नाव विचारत नाहीत, कपडे पाहत नाहीत. रस्त्यावरच्या माणसालाही तिथे खुर्ची मिळते. 'आजचा एक दिवस प्यायची नाही' एवढाच त्यांचा निश्चय असतो.

आता निवाऱ्याविषयी. शहरात दर एक लाख वस्तीमागे बेघरांसाठी एक निवारा असावा, असे सर्वोच्च न्यायालयाच्या २०१० मधील आदेशांनंतर ठरले. २०१३ मध्ये सुरू झालेल्या राष्ट्रीय नागरी उपजीविका अभियानातून त्यासाठी पैसाही मिळाला. सांगलीत महापालिकेचे 'सावली' निवारा केंद्र त्यातूनच उभे राहिले. आपल्या गावचा माणूस शहरात रस्त्यावर दिसला, तर नगरपालिकेत किंवा महापालिकेत निवाऱ्याची चौकशी करावी.

माणूस भ्रमिष्टासारखा फिरत असेल, स्वतःची काळजी घेऊ शकत नसेल, तर २०१७ च्या कायद्याच्या कलम १०० प्रमाणे त्याला संरक्षणात घेऊन चोवीस तासांच्या आत सरकारी आरोग्य केंद्रात नेणे पोलिसांचे कर्तव्य आहे. तो बेघर असेल, तर हरवलेल्या माणसाची नोंद करून त्याच्या घरच्यांचा शोध घेणेही त्यांच्याकडेच आहे. ठाण्यात हे कलम नम्रपणे सांगावे.

घरबसल्या सल्ला हवा असेल तर १४४४६ हा व्यसनमुक्तीसाठीचा राष्ट्रीय फोन क्रमांक आहे. मनाच्या कोणत्याही दुखण्यासाठी १४४१६ हा 'टेलिमानस'चा क्रमांक आहे. जिल्ह्याच्या सरकारी रुग्णालयात मनोविकारतज्ज्ञांची चौकशी करा. केंद्र खाजगी असेल तर आधी स्वतः जाऊन पाहा. डॉक्टर येतात का, रोग्याला घरच्यांना भेटू देतात का, मारतात का, हे विचारा. बांधून, मारून दारू सुटत नाही.

बाहेरच्या देशांत काय केले

पूर्वी सगळीकडे नियम असा होता, की आधी दारू सोड, मग जागा देऊ. १९९२ मध्ये न्यूयॉर्कमध्ये काही लोकांनी हा क्रम उलटा करून पाहिला. आधी खोली दिली, उपचार मागून. फिनलंडने २००८ पासून हेच देशाचे धोरण केले. एकेका मोठ्या दालनात खाटा टाकलेले जुने निवारे मोडून त्या जागी स्वतंत्र खोल्या केल्या आणि तिथली बेघरांची संख्या पुढील वर्षांत खूपच खाली आली.

अमेरिकेतल्या सिॲटल शहरात २००५ मध्ये अट्टल दारुड्या बेघरांसाठी ७५ खोल्यांची इमारत झाली. तिथे पिण्यावर बंदीसुद्धा नव्हती. लोकांनी टीका केली, दारुड्यांना सरकारी घर कशाला म्हणून. पण २००९ मध्ये प्रसिद्ध झालेल्या अभ्यासात दिसले, की दवाखाना, तुरुंग, रुग्णवाहिका यांवरचा सरकारी खर्च निम्म्याहून कमी झाला आणि बंदी नसतानाही रहिवाशांचे रोजचे पिणे हळूहळू उतरले.

आपल्याकडे इतक्या खोल्या बांधायला पैसा नाही, हे खरे. पण आपल्याकडे मळ्यातली खोली आहे, पडवी आहे, देवळाची ओवरी आहे, भावकी आहे. छप्पर उभे करायला आपल्याला फार खर्च येत नाही. प्रश्न आहे तो मनाचा.

घरी आणताना

घरात घेणे म्हणजे घर त्याच्या हाती देणे नव्हे, ही गोष्ट सर्वांनी आधी समजून घ्यावी. त्यामुळे अर्धी भीती कमी होते. अनुभवावरून काही गोष्टी सांगतो.

पहिली, उपचाराआधी आणू नका आणि उपचारानंतर एक दिवसही रस्त्यावर राहू देऊ नका. केंद्रातून सुटण्याची तारीख आधी विचारून घ्या आणि त्या दिवशी न्यायला जा.

दुसरी, फवारणीची औषधे कुलपात ठेवा आणि किल्ली दुसऱ्याकडे द्या. दारू उतरल्यावर माणसाला आपण काय काय केले ते दिसू लागते, त्या पश्चात्तापात जिवाचे बरेवाईट करण्याचा धोका असतो. घरात कीटकनाशकाची बाटली उघड्यावर असणे केव्हाही वाईट, अशा वेळी तर फारच वाईट. मरणाची भाषा काढली, तर हसण्यावारी नेऊ नका. एकटे सोडू नका, लगेच डॉक्टर गाठा.

तिसरी, काम द्या, पण रोख मजुरीचे नको आणि एकट्याचे नको. जनावरांचे काम सर्वांत चांगले. धारेला, वैरणीला, पाण्याला ठरलेली वेळ असते. जनावर वाट पाहते आणि टोमणाही मारत नाही.

चौथी, जागा आणि वेळ ठरवून द्या. निजायची जागा कोणती आणि संध्याकाळी किती वाजता घरी, हे दोन्ही पक्षांनी बोलून ठरवावे. पिण्याची हुक्की बहुधा दिवेलागणीलाच येते.

पाचवी, जत्रा, लग्न, निवडणूक, बैलांचा बाजार, ऊसबिलाचा दिवस हे घसरण्याचे दिवस. पहिले वर्षभर अशा दिवशी त्याच्याबरोबर न पिणारा कोणीतरी असू द्या.

सहावी, घसरला तर आकाशपाताळ एक करू नका. गारपिटीने एक बहर गेला म्हणून आपण बाग उपटत नाही. लगेच केंद्राला फोन करा, पुन्हा सुरुवात करा. हा आजार उलटतो, हे धरूनच चालावे.

सातवी, सोबत द्या. आपल्याकडे माळ घालून पिढ्यान्‌पिढ्या लोकांनी दारू सोडली आहे. माळेबरोबर रोजचे भजन येते, एकादशी येते, वारीची दिंडी येते आणि न पिणाऱ्यांची संगत मिळते. ज्याचा देवाधर्मावर विश्वास नाही, त्याला तालमीची, वाचनालयाची, दूध संघाच्या कामाची संगत चालेल. रिकामी संध्याकाळ मात्र नको. तब्येतीसाठी डॉक्टरांची औषधेही माळेबरोबर चालू ठेवावीत.

माय-भगिनींचे काय?

हे सगळे लिहिताना घरच्या बाईवर आणखी एक ओझे टाकायचा माझा हेतू नाही. मारहाण होत असेल, तर तिची आणि मुलांची सुरक्षितता आधी. २००५ च्या कौटुंबिक हिंसाचार कायद्याने तिला त्या घरात राहण्याचा हक्क दिला आहे, घर कोणाच्याही नावावर असो. अडचणीच्या वेळी ११२ ला फोन करावा. नवऱ्याला दूर ठेवून उपचाराची व्यवस्था भावाने, चुलत्याने, पोलीस पाटलाने करावी. ती केवळ बायकोची जबाबदारी नाही.

नवरा शुद्धीवर असताना शेतीवर बायकोचे नाव सहहिस्सेदार म्हणून लावून घ्या. 'लक्ष्मी मुक्ती' योजनेखाली १९९२ पासून ही सोय आहे. नवऱ्याने तहसीलदारांकडे अर्ज करावा लागतो. तलाठ्याकडे चौकशी करा. सातबाऱ्यावर दोन नावे असली, की दारूच्या भरात खरेदीखत होणे अवघड होते. आणि घर सोडून गेलेल्याचे नाव रेशनकार्डावरून घाईने कमी करू नका. परत आलेल्याला आपण कोणीतरी आहोत हे दाखवणारा तो पहिला कागद असतो.

अनेक गावांत महिलांनी मतदान करून बाटली आडवी केली, दुकाने बंद पाडली. त्यांचे कौतुकच आहे. पण दुकान बंद झाल्यावर रोज पिणाऱ्यांच्या उपचाराची सोय त्याच आठवड्यात करावी. नाहीतर ते हातभट्टीकडे वळतात आणि तिथे विषाची खात्री कोणी देत नाही. २०१५ मध्ये मुंबईत मालवणीला विषारी दारूने शंभरावर माणसे गेली. बहुतेक सगळी गरीब, हातावर पोट असलेली.

यंदा ऊसबिलाच्या हिशेबाला बसाल तेव्हा, तुमच्या भावकीतले जे माणूस 'गेले' असे तुम्ही म्हणता, त्याचीही एकदा चौकशी करा. सांगली-मिरजेला बाजाराला, साताऱ्याला कचेरीच्या कामाला आपण जातोच. स्टँडवर दहा मिनिटे काढून पाहावे. तो दिसला, तर आधी जेवू घाला. मग विचारा, "डॉक्टरांकडं येतोस का? मी हाय संगं." आणि तो हो म्हणाला, तर मळ्यातली खोली झाडून ठेवा.